खो-खोच्या खांबाला हळद

मुलींचा संघ बाहेरगावी न्यायचा तर संगं एक बाई पाहिजे, असा नियम होता. दुसरी कुणी बाई सापडंना म्हणून मला नेलं. माझ्या सगळ्या कारभाराची सुरुवात एवढीच. त्याच्या आधी मी कॉलेजच्या ग्राउंडवर फक्की मारायची. फक्की म्हणजे चुन्याची पूड, तिच्यानं मैदानावर रेघा आखतात. रेघा आखणारी बाई पुढं जिल्ह्याच्या खो-खोची सचिव झाली, हे आजबी काही लोकांच्या घशाखाली उतरत नाय.

मी बारावी नापास. इंग्रजीनं घात केला. अक्षर असं की माझं मलाच वाचता येत नाय. म्हणून मी बोलते आन् संगीता लिहून घेते. ही संगीता माझ्या संघाची कप्तान होती, आता एका शाळेत खेळाची मास्तरीण हाय. मधीमधी ती मला टोकती. टोकू द्या.

माझं माहेर लासूर स्टेशनच्या पल्याड. आमची मेंढरं. मेंढरामागं पळून पळून पाय असे झाले होते की शाळेतल्या पोरांना मी सापडत नसायची. शाळेतल्या सरांनी बाला गाठलं आन् म्हणले, पोरगी शहरात अकरावीला टाका, खेळावर जागा मिळंल. बा म्हणला, मेंढरं कोण वळंल? माय म्हणली, मी वळते. तेवढ्या दोन शब्दांवर मी औरंगाबादला आले. तव्हा औरंगाबादच म्हणायचे.

दोन वर्षं मी कॉलेजाकडून खेळले, जिल्ह्याकडून खेळले. पण तेव्हा मुलींचे सामने म्हणजे पोरांच्या सामन्यातली भर असायची. सकाळी थंड वेळंला पोरं खेळायची, ऊन कललं की पुन्हा पोरं. मधी डोक्यावर ऊन आलं, पंच जेवायला उठले, की आम्हाला म्हणायचे, घ्या गं पोरींनो उरकून. माझा शेवटचा सामना डाव चालू असताना थांबवला. पोरांचा संघ लवकर आला होता आन् त्यांना परतीची गाडी होती. आम्ही बसल्या जागंवरून उठलो, अंगाची माती झटकली, बाजूला झालो. तो सामना कोण जिंकलं ते अजून ठरलेलं नाय.

मग लग्न झालं. आमचे मालक वाळूजला एका कंपनीत प्रेसवर होते. बजाजनगरात एक खोली घेतली. थोरली लेक अंगावर पीत होती तव्हा त्यांचा उजवा हात मशीनीत गेला. चार बोटं गेली, अंगठा राहिला. मी रडले नाय, रडायला सवड नव्हती. कंपन्यांच्या कॅन्टीनला पोळ्या लाटल्या. मग ज्या कॉलेजातून खेळले तिथंच मैदानावर शिपाई म्हणून लागले. ज्या मातीत पळले ती माती झाडायची, पाणी मारायचं, फक्की मारायची. लोक हळहळायचे. मला काय वाटलं नाय. मैदान तर मैदान.

तिथं असताना तो बाईचा नियम माझ्या वाट्याला आला. पहिल्या दौऱ्याला गेले तव्हा काळे सर सचिव होते. माणूस भला, पण गाडीत बसल्यावर मी विचारलं, सर, पोरींची आंघुळीची सोय कुठं हाय? तर ते माझ्याकडं असं बघाया लागले जसं मुली आंघूळ करतात हे त्यांना आजच समजलं. तिथं गेलो तर उघड्यावर एक नळ. मी माझी दोन लुगडी बांधली, आडोसा केला, आन् बाहेर दांडका घेऊन बसले. बाकीच्या जिल्ह्यांच्या पोरीबी आमच्याच आडोशाला आल्या.

लोक मला विचारतात, खेळाचा कारभार म्हणजे काय करायचं असतं? त्यांना वाटतं शिट्टी फुंकायची, हार घालून घ्यायचे. मी सांगते, पाणी, संडास, सेफ्टी पिना, आन् पोरींच्या पोटात दुखलं तर एक बंद खोली. एवढं जमलं की बाकीचा खेळ पोरी खेळतात.

आन् सगळ्यात अवघड काम म्हणजे पोरी मिळवणं. खेड्यातले आईबाप पोरगी बाहेरगावी धाडत नसायचे. मग मी आपली एक रीत काढली. पोरगी मागायला जायचं. नारळ घेऊन जायचं, उंबऱ्याच्या आत बसायचं, चहा घ्यायचा आन् सोयरीक घालतात तसं रीतसर म्हणायचं, तुमची लेक मला आठ दिवसांसाठी द्या. परत आणताना मी सोता दारापोतर यायची आन् पोरीच्या आईची ओटी भरायची. एकाबी पोरीला मी कधी स्टँडवर सोडलं नाय.

एकदा ह्या रीतीनं घोटाळा झाला. गंगापूरच्या अलीकडच्या एका गावात निरोप धाडला की उद्या मी पोरगी मागायला येते. दुसऱ्या दिवशी जाते तर अंगण सारवलेलं, सतरंजी टाकलेली, चुलते-मामे जमलेले. पोहे आले. पोहे घेऊन साडी नेसलेली, खाली मान घातलेली पोरगी आली. तिचा चुलता म्हणला, "मुलगा काय करतो?"

मी म्हणले, "मुलगा नाय वो माझ्याकडं. मला पोरगी संघासाठी पाहिजे."

तिचा बाप कपाळाला हात लावून बसला. म्हणला, "बाई, पोहे तरी पोटभर खा आता."

मी म्हणले, "खाते. पण तुमच्या रीतीनं पोरगी चालून दाखवते, माझ्या रीतीनं तिला जरा पळून दाखवू द्या."

पोरीनं बापाकडं बघितलं. बाप हसला. तिनं पदर खोचला आन् अशी पळाली की गोठ्याची दावण एका उडीत पार करून मागच्या शेतात. चुलत्याची टोपी पडली. ती पोरगी म्हणजे ही संगीता. ती म्हणती, ताई, टोपी पडली नव्हती. मी म्हणते पडली होती, लिही.

काळे सर थकले तव्हा सचिव कुणाला करायचं असा सवाल आला. ह्या कामात धावपळ लई आन् मान कमी, म्हणून बाप्या माणसांपैकी कुणी पुढं येईना. मला केलं. पहिल्याच बैठकीत मी बोलले, राज्याचे मुलींचे सामने आपल्या गावात घेऊ, नुसत्या मुलींचे. पोरांच्या मधी भर म्हणून नाय.

अध्यक्षसाहेब खुर्चीत सरळ झाले. त्यांचा खेळाशी संबंध एवढाच की त्यांच्याकडं मंडप होते. म्हणले, "कौसाबाई, पोरांचे सामने नसले तर बघायला कोण येणार?"

"मी येईन की साहेब."

"चेष्टा नका करू."

"मी लुगडं नेसून चेष्टा करायला येत नसते इथं."

लई घासाघीस झाली. शेवटाला ते म्हणले, "घ्या. एक डाव घ्या. पण काही लफडं झालं, एक जरी तक्रार वर गेली, तर पुढच्या साली मुलींचे सामने पहिल्यासारखे दुपारचे. मग माझ्याकडं यायचं नाय." वरच्या कमिटीचंबी तेच म्हणणं होतं. मी म्हणले, कबूल.

छावणीच्या बाजूला एका कॉलेजाचं मैदान मिळालं. महिनाभर आधीपासून आम्ही दगड वेचले, माती चाळली, पाणी मारून दाबली.

ज्यांना खो-खो ठाऊक नाय त्यांच्यासाठी थोडं सांगते, नायतर पुढचं समजायचं नाय. मैदानाच्या दोन टोकांना दोन लाकडी खांब रवलेले असतात, छातीला येतील एवढे. दोन्हींच्या मधी एका रेघंत आठ पोरी उकिडव्या बसतात, एकीचं तोंड इकडं, दुसरीचं तिकडं. नववी पळती आन् समोरच्या संघाच्या पोरींना शिवायला बघती. पण पळणारीला मागं फिरता येत नाय आन् मधली रेघबी ओलांडता येत नाय. दमली की बसलेल्या पोरीला पाठीमागून खो द्यायचा. दिशा बदलायची तर खांबापोतर जावंच लागतं. खांबाला एका हातानं धरायचं, सगळं अंग बाहेर झोकून द्यायचं आन् दुसऱ्या हातानं पळणारीला शिवायचं. चांगली पोरगी खांबावर डाव फिरवती. म्हणून खांब गुळगुळीत पाहिजे, पण हातातून निसटायला नाय पाहिजे. ह्या दोन्हीच्या मधी सगळी गोम हाय.

सामने सुरू झाले. सगळीकडून पोरी आल्या. पाणी पुरलं, संडास पुरले, पिनाबी पुरल्या. बजाजनगरातल्या बाया सुट्टी झाली की लेकरं काखेत घेऊन यायला लागल्या. अध्यक्षसाहेबांना मंडप वाढवावा लागला. आमच्या पोरी शेवटच्या सामन्यात पोचल्या. समोर घाटावरचा संघ, नावाजलेला. त्यांच्या व्यवस्थापक सावंत मॅडम. कडक बाई. सोता खेळलेल्या, दिसायलाबी तलवार.

शेवटच्या सामन्याच्या आदल्या दिवशी माझी माय आली. बा मेंढरामागं, म्हणून एकटीच आली, डोक्यावर ज्वारीचं बोचकं घेऊन. मी कॉलेजात खेळत होते तव्हा तिनं माझा एकबी सामना बघितला नव्हता. मेंढरं सोडून यायचं कसं? आता भाऊ हाताशी आला होता. म्हणली, "लोक म्हणत्यात कौसीचं मोठं कार्य हाय. म्या आले."

सकाळी मी तिला संगं घेऊनच मैदानावर गेले, बोचकंबी तिनं डोक्यावर घेतलंच. गेल्या गेल्या निरोप आला, एका पोरीला उलट्या होऊ राहिल्या. मी मायला मंडपात बसवलं, म्हणले इथंच बस, आन् पोरी उतरल्या होत्या तिकडं पळाले.

परत येते तर मैदानावर गलका. सावंत मॅडमची एक पोरगी सरावाला उतरली होती. पळत आली, खांबाला हात घातला, अंग झोकलं, आन् हात सर्रकन निसटला. हनुवटीवर पडली. हनुवटी फुटून रगत आलं होतं. दोन्ही खांब पिवळेजर्द. तेल-हळद चोपडलेली, वर कुंकवाची बोटं, गळ्यात आंब्याच्या पानांचा टाळ बांधलेला.

मला बघताक्षणी समजलं. आमच्याकडं लग्नाच्या मांडवाची पहिली मेढ रवतात, तिला तेल-हळद लावून पुजतात, मगच कार्य सुरू होतं. मैदानावर दोन मेढी होत्या आन् दोन्ही कोरड्या होत्या.

सावंत मॅडम माझ्यावर तुटूनच पडल्या. "खांबाला तेल लावलंय! आमच्या पोरी खांबावर खेळतात हे माहीत आहे तुम्हाला. तुमच्या पोरींना आधीच सांगितलं असेल, खांबाला हात लावू नका. मी लेखी तक्रार करणार. तुमचा संघ बाद झाला पाहिजे."

अध्यक्षसाहेब मागून आले. नुसती मान हलवली. त्यांनी मान हलवली की मला पुढच्या सालचं ऊन दिसलं.

मी मंडपात गेले. माय तेलाची वाटी पदराला पुसू राहिली होती.

"माय, खांबाला हळद तू लावली?"

"तर काय. एवढा मांडव घातला, पाव्हणे आले, बाया जमल्या, आन् मेढीला कुणी बोट लावलं नव्हतं. तुह्या सासरचं कुणी दिसंना. म्हणलं, माय हाय ना."

"माय, ती मेढ नाय. पोरी त्याला धरून खेळत्यात. तेलानं हात निसटला, पोरगी पडली."

तिच्या हातातली वाटी तशीच राहिली. "लई लागलं का लेकराला?"

तवर सावंत मॅडम मागं आल्याच. मी काही बोलायच्या आत माय उठली. तिला वाटलं, ह्या भारी साडीवाल्या, रुबाबदार, रागावलेल्या बाई म्हणजे वरमाय. वरमाय रागावलेलीच असती. "या वो," म्हणली, "पोरगी तुमची का? म्या अडाणी, मपलंच चुकलं." आन् बोलता बोलता हळदी-कुंकवाचं बोट मॅडमच्या कपाळाला लावून मोकळी. मॅडमचं तोंड उघडंच. तक्रार अर्धी तोंडात. हळदीकुंकू पुसता येत नाय आन् लावून घेतल्यावर ओरडताबी येत नाय.

मी पंचांसमोर गेले. म्हणले, "खांबाला हळद माझ्या आईनं लावली. तिला वाटलं लग्नाचा मांडव हाय. लपवायचं काही नाय. माझ्यावर काय कारवाई करायची ती करा, मला सचिवपदावरून काढा. पण सामना मोडू नका. पोरी आठ दिवस ह्याच्यासाठी राबल्या, त्यांच्याबी आन् आमच्याबी. मला दुपारपोतर वेळ द्या, नवे खांब लावते."

पंचांनी सावंत मॅडमकडं बघितलं. कपाळावर कुंकू तसंच. त्या म्हणल्या, "तक्रार मी मागं घेत नाही. लिहून ठेवलीय. वेळ देते. ऊन उतरेपर्यंत. खांब मी स्वतः हात लावून बघणार आणि नाही पटले, तर तक्रार देऊन आम्ही सामान उचलणार."

आधी आम्ही आहे तेच खांब साफ करून बघितले. राख लावली, सोडा लावला, पॉलिश पेपरनं घासले. पण लाकूड तेल पिलं होतं. संगीता हात लावून बघायला आली. तळहात पिवळा झाला तिचा. मला दाखवून म्हणली, "ताई, मला घरच्यांनी अजून विचारलंबी नाय आन् तुम्ही हळद लावून मोकळ्या." एवढ्या घोरातबी सगळ्या पोरी हसल्या. मला हसू आलं नाय. खरं सांगते, थोडं आलं.

मग मदतीला आलेले आमचे मालक म्हणले, "खराद्याकडं चल." त्यांच्या लुनावर मागं बसून मी शहागंजच्या मागच्या गल्लीत गेले. तिथं पलंगाचे पाय कातणारे एक म्हातारे चाचा होते. दुकान अर्धं लावलेलं.

"चाचा, खांब पाहिजेत. दोन. आत्ताच्या आत्ता."

"जुम्मा है बाजी. नमाज कू जाना है. कल आव."

"कल काही कामाचे नाय चाचा. आज पोरी खेळणार हायत."

"कित्ते बच्चियाँ?"

"दोन्ही संघ धरून चोवीस."

चाचांनी टोपी काढून पुन्हा घातली. "या अल्ला. एक बाप कू चोवीस का बोझा. बैठो." कुणाच्या तरी लेकीच्या पलंगासाठी सागवानाचे दोन जाड सोट बाजूला काढून ठेवले होते, तेच त्यांनी उचलले. म्हणले, "उनकू दुसरे दूँगा. उनकी शादी कू टाइम है."

खराद फिरू लागला. लाकडाची साल रिबिनीसारखी सुटू लागली. एक खांब झाला, दुसरा अर्धा झाला, आन् अजान झाली. चाचांनी हात झटकले, उठले. मी उभी राहिले. ज्याची जी वेळ ती त्याची. ते म्हणले, "हात नक्को लगाव, मैं आताऊँ," आन् गेले. मी भुश्यात बसून राहिले. मालक माझ्याकडं बघून म्हणले, "पोळी खाल्ली का सकाळधरनं?" मी म्हणले नाय. त्यांनी खिशातून कागदात बांधलेली चटणी-पोळी काढली. त्या थोट्या हातानं त्यांनीच ती बांधली होती. मी खाल्ली. माझ्या आयुष्यात कुणी मला असं विचारलं ते मोजायला लागले तर त्यांचंच नाव येतं.

चाचा आले. दुसरा खांब पुरा केला. पॉलिश पेपर फिरवला आन् विचारलं, "चमकाऊँ क्या?" मी म्हणले, नको. त्यांनी हात फिरवून बघितला. म्हणले, "हौ. बच्ची पकडी तो छूटना नै. कोराच रहने दो."

खांब लुनावर आडवे धरून मी परत आले. रस्त्यानं लोक वाट देत होते. मला वाटत होतं, लोक निघून गेले असतील. ज्यांना उद्घाटनाला आन् बक्षिसाला बोलावलं होतं ते मोठे पाहुणे खरंच निघून गेले होते, त्यांना दुसरीकडं जायचं होतं. पण बाया बसून होत्या. उलट वाढल्या होत्या. पहिल्या पाळीच्या बाया सुटून आल्या, त्यांनी शेजारणींना आणलं. खांबाला हळद लागली ही बातमी बजाजनगरापोतर गेली होती. जिला खो-खो ठाऊक नव्हता तीबी बघायला आली.

खांब रवले. माती ठोकली. सावंत मॅडमनी दोन्ही खांबांना हात घातला, अंग झोकून बघितलं, साडी नेसून. म्हणल्या, "चालेल." मग खांबावर थाप मारून, "चांगले आहेत."

शिट्टी झाली तव्हा ऊन कललं होतं. ही वेळ कायम पोरांची. त्या वेळंला त्या मैदानावर मुलीच होत्या. ज्या कारणानं झालं असंल त्या कारणानं होवो.

सामना काय सांगू. बरोबरीचा. त्यांची ती हनुवटीला पट्टी लावलेली पोरगी अशी पळत होती की आमच्या पोरी एकमेकींवर आदळत होत्या. शेवटच्या डावात आम्हाला एक गुण पाहिजे होता आन् वेळ संपत आली होती. संगीताला खो मिळाला. समोर तीच पट्टीवाली. ती मैदानभर खेळवत खेळवत खांबाकडं गेली आन् एकदम वळली. संगीतानं खांब धरला. धरला आन् सगळं अंग आडवं झोकलं, जमिनीपासून इतकं वर, आन् बोटांची टोकं त्या पोरीच्या पाठीला टेकली. तेवढ्यात शिट्टी.

संगीता म्हणती, मीठमिरची लावू नका. मी काही लावलेलं नाय. पंचांचा हात वर गेला.

सगळं मैदान उठलं. बाया ओरडल्या, लेकरं रडली, अध्यक्षसाहेबांनी शिट्टी नसताना शिट्टी वाजवली तोंडानं. मी हात पाठीमागं बांधून उभी होते. सचिवाला आपल्या संघासाठी टाळी वाजवता येत नाय. दोन्ही संघ त्याचेच. मी माझं मनगट इतकं घट्ट धरलं होतं की बांगडी पिचली.

माय म्हणली, "कौसे, आपली कोणची?"

"सगळ्या आपल्याच, माय."

"ते झालं. पण जिंकली कोणची?"

आता चषक द्यायचा सवाल आला. मोठे पाहुणे नव्हतेच. अध्यक्षसाहेब सदरा नीट करत पुढं सरकले. सावंत मॅडम मधीच बोलल्या. हरलेल्या संघाच्या बाई, तक्रार लिहून ठेवलेल्या. म्हणल्या, "खांब पुजणाऱ्या आजी आहेत ना? कार्य त्यांचंच आहे. त्यांच्या हातून द्या."

लोकांनी टाळ्या वाजवल्या. अध्यक्षसाहेबांनी सरकलेलं पाऊल मागं घेतलं. मायला हाताला धरून पुढं आणलं, हातात चषक दिला. तिनं चषक उजेडाला धरला, आत डोकावून बघितलं, मग माझ्याकडं बघितलं.

"ह्यात काहीच नाय गं."

"असंच असतं माय. रिकामाच देत्यात."

"लेकीच्या हातात रिकामं भांडं देऊ व्हय? तू बी ना."

तिनं तिथंच बोचकं सोडलं. माझ्या घरासाठी आणलेली ज्वारी ओंजळीनं चषकात भरली, पार काठापोतर. मग संगीताच्या हातात दिली. संगीताला ते काय ठाऊक? पोरांना बघितलं होतं तसं तिनं दोन्ही हातानं चषक डोक्यावर उचलला आन् उलटा केला. सगळी ज्वारी पोरींच्या अंगावर. आमच्या आन् त्यांच्या, पट्टीवालीच्या केसात, पंचांच्या टोपीवर. बायांनी बघितलं, अक्षता पडल्या म्हणून त्यांनी आपसूक टाळ्या धरल्या, लग्नात धरतात तशा. माय तोंडाला पदर लावून उभी होती. म्हणली, "आता झालं कार्य."

सावंत मॅडमनी पर्समधून तक्रारीचा कागद काढला, चार तुकडे केले आन् इकडंतिकडं बघून माझ्याच हातात दिले. म्हणल्या, "कचरा करायचा नाही मैदानावर."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी पहार घेऊन मैदानावर गेले. सामने झाले की खांब काढून ठेवायचे असतात, नायतर पोरं क्रिकेटला वापरतात. सगळं मैदान पाखरांनी भरलेलं. चिमण्या, होले, ज्वारी टिपू राहिले होते. मी खांबाजवळची माती मोकळी करायला वाकले तर फाटकातून अध्यक्षसाहेबांची स्कूटर आली. उतरले. पाखरांना वाट देत माझ्याकडं आले.

"कौसाबाई, वर बोलणं झालं माझं. पुढच्या सालची तारीख काढा."

"दुपारची का?"

"कसली दुपारची? येगळे सामने. नुसत्या मुलींचे. संध्याकाळचे." मग खांबाकडं बोट करून म्हणले, "फक्त ह्याला रखवालदार ठेवा."

मी पहार खाली ठेवली. उकरलेली माती पायानं परत सारली, दाबली, आन् घरी गेले. ते खांब तिथंच राहिले.